कंटेम्प्ट टाका ना मग, म्हणे

हायकोर्टात केस जिंकलो त्या दिवशी आम्ही येडपटासारखे नागपुरात बर्डीवर जाऊन जेवण करून आलो. बाबांच्या पेन्शनच्या फरकाची केस, रिटायर होऊन १३ वर्षं झालीत त्यांना, आणि ऑर्डरमध्ये चक्क लिहिलेलं की ८ आठवड्यांत ६ टक्के व्याजासकट पैसे द्या. वाटलं, सुटलो एकदाचे. डोंबलाचे सुटलो!

भर मे महिन्यात, डोक्याला दुपट्टा गुंडाळून, सर्टिफाइड कॉपी घेऊन बाबा ऑफिसात गेले. बाबू खर्र्याची, म्हणजे तंबाखू-सुपारीची, पन्नी घोटून राहिला होता, एका हातानं घोटता घोटता दुसऱ्या हातानं पोचेवर शिक्का मारला. झालं, ८ आठवडे गेले आणि मग सुरू, फाइल मुंबईले गेली, मग फंड नाही, मग साहेब बदलले, मग म्हणे अपीलचा विचार चालू आहे. विचार! अरे अपील टाकलं तरी स्टे मिळाल्याशिवाय ऑर्डर थांबत नाही, आणि हे नुसत्या विचारावर थांबवून बसले.

आणि मग एक दिवस त्याच बाबूनं बाबांना अगदी घरच्यासारखा सल्ला दिला, "काका, असं नाही होत. कंटेम्प्ट टाका ना मग, मग साहेब लगेच सही करते." कंटेम्प्ट, म्हणजे कोर्टाची ऑर्डर पाळली नाही म्हणून अवमानाची याचिका. म्हणजे पाळायची नसतेच ना बे ऑर्डर, पुढची नोटीस येईपर्यंत ती फक्त फायलीत लावायची असते! याला काय म्हणाव?

वकिलानं सांगितलं तेव्हा डोकंच फिरलं. अवमानाचा १९७१ चा कायदा, त्यात कलम २० आहे, अवमान झाला त्या दिवसापासून एक वर्षाच्या आत कोर्टात जा, नाहीतर बसा बोंबलत. आता कळलं मला, "या महिन्यात होऊन जाईल काका" हे गोड गोड बोलून आम्हाला अकराव्या महिन्यापर्यंत कसं आणलं ते. आणि शिक्षा किती? साधी कैद ६ महिन्यांपर्यंत, दंड २००० रुपयांपर्यंत. ५० वर्षांच्या वर झाले, तोच आकडा. आमचा कोर्टाच्या चकरांचा ऑटोच त्याच्यावर गेला असल. वरून माफी मागितली आणि कोर्टाला पटली तर तेही माफ. २०२० मध्ये वकील प्रशांत भूषण यांच्या दोन ट्विटवरून सुप्रीम कोर्टानं स्वतःहून अवमानाची केस घेतली आणि दीड महिन्याच्या आत १ रुपया दंड करून मोकळं झालं, म्हणजे मनात आणलं तर होते ना लवकर! पण ऑर्डर पाळली नाही म्हणून कोणी स्वतःहून विचारत नाही, तिथं जिंकलेल्या म्हाताऱ्यानंच परत वकिलाची फी भरायची, परत सिव्हिल लाइन्सला कोर्टाच्या बाकड्यावर बसायचं.

टाकली मग याचिका. नोटीस निघाली, सरकारी वकिलानं ४ आठवडे मागितले, मिळाले. दुसऱ्या तारखेच्या आदल्या दिवशी शपथपत्र आलं, बिनशर्त माफी मागतो, उशीर "जाणूनबुजून" झालेला नाही. हा शब्द बरोबर घातला, कारण जाणूनबुजून नसलं की अवमानच होत नाही. आणि त्याच संध्याकाळी बाबांच्या खात्यात पैसे! जे फंड वर्षभर नव्हते ते एका रात्रीत कुठून आले बापा?

व्याज मात्र नाही. एक रुपया नाही.

काल त्या बाबूचा फोन. "काका, झालं ना तुमचं काम, आता केस मागे घेऊन टाका, साहेब टेन्शनमध्ये आहेत." बाबा आपले "हौ हौ, पाहतो" करून राहिले, ३० वर्षं नोकरीत साहेब-साहेब केलेला माणूस. मी फोन हिसकला न् म्हटलं, ऑर्डरचं शेवटचं पान काढा, खालून तिसरी ओळ, व्याजाची, मोठ्यानं वाचा. तर म्हणे फाइल साहेबांच्या टेबलावर आहे, साहेब सुटीवर आहेत.