ऊस ‘ऑफिसिनॅरम’ आहे, म्हणून गूळ औषध होत नाही

गुऱ्हाळं पेटली की आमच्या कोल्हापुरात गुळाबद्दलचे मेसेज फिरायला लागतात. यंदाचा जरा शिकलेला आहे. पिवळ्याधमक ढेपेचा फोटो, त्यावर लाल अक्षरांत उसाचं शास्त्रीय नाव ‘सॅकॅरम ऑफिसिनॅरम’, आणि खाली लांबलचक मजकूर. त्याचा गोषवारा असा: ज्या वनस्पतीच्या शास्त्रीय नावात ‘ऑफिसिनॅलिस’, ‘ऑफिसिनेल’ किंवा ‘ऑफिसिनॅरम’ येतं, ती जगाने ‘ऑफिशियल’ औषध म्हणून मान्य केलेली. लिनियस नावाच्या शास्त्रज्ञाने गुण तपासून हा किताब मोजक्याच वनस्पतींना दिला. आपल्याकडच्या आलं, आवळा आणि ऊस यांना तो मिळाला. तुळस-हळदीला इंग्रजांनी मुद्दाम डावललं. ज्याअर्थी ऊस औषधी, त्याअर्थी गूळही औषधी. तेव्हा मधुमेह असणाऱ्यांनी तो बिनधास्त खावा.

शेवटचं वाक्य नसतं तर मी हे हसून सोडून दिलं असतं. मी कॉलेजात वनस्पतिशास्त्र शिकवतो. झाडांच्या नावांवरून रचलेल्या कथांचा मला तोटा नाही. पण ‘साखर बंद, आता चहात गूळच’ असं अभिमानाने सांगणारी, रोजच्या रोज गोळ्या घेणारी माणसं आजूबाजूला दिसतात. म्हणून एकेक मुद्दा घेतो.

आधी ‘ऑफिसिनॅलिस म्हणजे ऑफिशियल’ हा मुद्दा. लॅटिनमध्ये ‘ऑफिसिना’ म्हणजे कामाची जागा, कारखाना. ‘ओपस’ म्हणजे काम आणि ‘फाकेरे’ म्हणजे करणे, या दोहोंतून तो शब्द आला. पुढे युरोपातल्या ख्रिस्ती मठांत औषधी पाला-मुळ्या साठवायच्या खोलीला ऑफिसिना म्हणू लागले, आणि मग औषधं विकणाऱ्याच्या दुकानालाही. ऑफिसिनॅलिस हे त्याचं विशेषण: दुकानातला, दुकानात मिळणारा. नाम नपुंसकलिंगी असलं की तेच ऑफिसिनेल होतं, म्हणून आल्याचं नाव झिंजिबर ऑफिसिनेल. उसाचं ऑफिसिनॅरम तर काटेकोर बोलायचं तर विशेषणही नाही, षष्ठीचं अनेकवचन आहे. ‘दुकानांचा ऊस’, इतकाच अर्थ.

‘ऑफिशियल’ हा शब्द ‘ऑफिकियम’वरून आला. ऑफिकियम म्हणजे कर्तव्य, पद. त्याच्याही मुळाशी तेच दोन शब्द आहेत, म्हणजे नातं आहे, पण चुलत. मेसेज लिहिणाऱ्याच्या बाजूनेही एक गोष्ट सांगायला हवी. एकोणिसाव्या शतकातल्या इंग्रजी वैद्यकग्रंथांत ‘ऑफिसिनल’ हा शब्द औषधसंहितेत नोंदलेल्या औषधांसाठीही वापरत, त्यामुळे दोन्ही शब्दांची सरमिसळ झालेली आहे. पण ती वैद्यांच्या भाषेत. झाडाच्या नावात हा शब्द बसला तेव्हा त्याचा अर्थ दुकानापुरताच होता.

आणि दुकान म्हणजे कसलं? आपल्या पेठेतलं काष्ठौषधींचं दुकान डोळ्यांसमोर आणा. भिंतभर खण, त्यांत सुंठ, नागरमोथा, हिरडा, गुळवेल. शेजारच्या खणात रिठा आणि शिकेकाई. समोर हिंग, कापूर, उदबत्ती. सगळं एकाच माणसाकडून, एकाच तराजूत. त्या दुकानात मिळतं म्हणून उदबत्ती कुणी उगाळून पीत नाही. युरोपातली ऑफिसिना याच धाटणीची होती. ‘ऑफिसिनॅलिस’ एवढंच सांगतं की ही चीज त्या खणात सापडायची.

खात्री हवी असेल तर समुद्राकडे बघा. कटलफिशचं, म्हणजे कोकणातल्या म्हाकुळाच्या भाऊबंदाचं, शास्त्रीय नाव सेपिया ऑफिसिनॅलिस. ते लिनियसनेच १७५८ साली दिलं, कारण त्याच्या पाठीतली पांढरी हाडासारखी पाटी दुकानात विकायला असे. (आपल्याकडेही ती समुद्रफेन म्हणून विकतात.) अंघोळीच्या खऱ्या स्पंजाचं नाव स्पाँजिया ऑफिसिनॅलिस. अंघोळीचा स्पंज जगाने मान्य केलेलं औषध आहे, असा मेसेज अजून तरी माझ्याकडे आलेला नाही.

आता किताबाची गोष्ट, म्हणजे लिनियसने एकेक वनस्पती तपासून प्रमाणपत्र दिल्याची. कार्ल लिनियस स्वीडनचा, शिक्षणाने डॉक्टर, औषधी द्रव्यांवर त्याने १७४९ साली ग्रंथही लिहिला होता, तेव्हा औषधं त्याला कळत नव्हती असं नाही. पण १७५३च्या ज्या ग्रंथातून आजची दोन शब्दांची नावं सुरू होतात, त्यात तो हजारो वनस्पतींची यादी करत होता. आधीच्या ग्रंथांत जी वनस्पती ‘दुकानदारांची अमुक’ म्हणून ओळखली जायची, तिच्या वाट्याला बहुधा हे नाव यायचं. याच नात्यातल्या दुसऱ्या वनस्पतीपासून ती वेगळी ओळखता यावी, इतकाच उपयोग. गुणांची परीक्षा नाही, रुग्णांवर प्रयोग नाहीत.

त्याहून गंमत अशी, की मेसेजमधल्या तीन वनस्पतींपैकी दोघींना हे नाव लिनियसने दिलेलंच नाही.

आल्याला तो अमोमम झिंजिबर म्हणायचा. झिंजिबर ऑफिसिनेल हे नाव १८०७ साली विल्यम रॉस्को याने दिलं. हा लिव्हरपूलचा वकील. पुढे बँकवाला झाला, इतिहासकार झाला, संसदेत जाऊन गुलामांच्या व्यापाराविरुद्ध मत दिलं. बागेचं वेड म्हणून आल्या-हळदीच्या कुळाचा अभ्यास केला. मोठा माणूस, पण डॉक्टर नव्हे.

आवळ्याचं तर आणखी निराळं. लिनियसने १७५३ साली त्याला फायलँथस एम्ब्लिका म्हटलं. त्यात ऑफिसिनॅलिस कुठेच नाही. १७९० साली गेर्टनर या जर्मन शास्त्रज्ञाने आवळा वेगळ्या प्रजातीत काढला आणि एम्ब्लिका ऑफिसिनॅलिस हे नाव दिलं. तेच नाव आपल्या कितीतरी आयुर्वेदिक बाटल्यांवर अजून छापलेलं असतं. नंतर शास्त्रज्ञांनी आवळा परत फायलँथसमध्ये नेला आणि बहुतेक ग्रंथांत लिनियसचंच नाव पुन्हा आलं. ही प्रजाती वेगळी मानावी की नाही यावर वाद अधूनमधून होतच असतात. मेसेजचा तर्क धरला तर आवळ्याला १७९० साली मान्यता मिळाली, मग ती रद्द झाली आणि उद्या कदाचित परत मिळेल. झाडावरच्या आवळ्यातलं क जीवनसत्त्व या सगळ्यात एका मिलिग्रॅमनेही हललं नाही.

राहिला ऊस. त्याला ऑफिसिनॅरम लिनियसनेच म्हटलं, आणि त्यामागचं कारण मेसेजपेक्षा रंजक आहे. मध्ययुगीन युरोपात साखर हा वाण्याकडचा नव्हे, औषधविक्याकडचा माल होता. अरब व्यापाऱ्यांकरवी यायची, महाग असायची, तोळ्या-माशांनी विकली जायची. कडू काढे गोड करायला, पाक करून औषध टिकवायला, आणि काही दुखण्यांवर औषध म्हणूनही ती लागे. जवळ अगदी गरजेचीच वस्तू नसलेल्या माणसाला ‘साखर नसलेला औषधविक्या’ म्हणायची तिकडे म्हणच पडली होती. लिनियसच्या काळापर्यंत वेस्ट इंडीजच्या मळ्यांमधून साखरेचे ढीग येऊ लागले होते आणि ती चहा-कॉफीत पडत होती. नाव मात्र जुन्या दुकानाचंच राहिलं. म्हणजे ऑफिसिनॅरममुळे काही सिद्ध होत असेल तर हेच, की एके काळी युरोपात साखर औषधाच्या खणात होती. साखर! जिच्याऐवजी गूळ खा असं मेसेज सांगतो, तीच.

‘तुळस आणि हळद इंग्रजांनी डावलली’ यावर फार वेळ घालवत नाही. लिनियस इंग्रज नव्हता. १७५३ साली आपल्याकडे इंग्रजांचं राज्यही नव्हतं. प्लासीची लढाई १७५७ची, आणि करवीरच्या गादीवर तेव्हा छत्रपती संभाजी दुसरे होते. तुळशीचं म्हणाल तर त्याच लिनियसने पुढे तिला ऑसिमम सँक्टम, म्हणजे पवित्र तुळस, असं नाव दिलं. ते आज वापरात नाही याचं कारण त्याने स्वतःच आधी दिलेलं ऑसिमम टेन्युइफ्लोरम हे नाव जुनं पडतं, आणि वनस्पतींच्या नावांत जुनं ते खरं असा नियम आहे. हळदीचं कुर्कुमा लाँगा. सांगलीकरांनी मनाला लावून घेऊ नये.

उलट्या बाजूने बघितलं तरी तर्क टिकत नाही. अंगणातली सदाफुली घ्या. तिच्यापासून व्हिंक्रिस्टीन आणि व्हिनब्लास्टीन ही कॅन्सरवरची औषधं मिळाली. तिचं नाव कॅथरँथस रोझियस, म्हणजे गुलाबी. दुसरीकडे युरोपात जखमांवर आणि मोडलेल्या हाडांवर बांधतात ती कॉम्फ्री, नाव सिम्फायटम ऑफिसिनेल. तिच्यात यकृताला घातक अल्कलॉइड असतात, आणि पोटात घ्यायच्या उत्पादनांतून ती काढून टाका असं अमेरिकेच्या अन्न व औषध प्रशासनाने २००१ साली कंपन्यांना सांगितलं. नावात किताब आहे, आणि पोटात घ्यायची सोय नाही.

कुणी म्हणेल, नाव इतकं फसवं असेल तर बदलत का नाहीत? कारण नाव अर्थाने चुकीचं आहे एवढ्यावरून ते रद्द करायचं नाही, असा वनस्पतींच्या नामकरणाचा आंतरराष्ट्रीय नियमच आहे. आपली कर्दळ मूळची अमेरिकेतली, तरी तिचं नाव कॅना इंडिका ते इंडिकाच. नाव ओळखीपुरतं असतं.

आता मुख्य मुद्दा, गूळ आणि मधुमेह. यासाठी लॅटिन नको, एकदा गुऱ्हाळावर उभं राहिलं तरी पुरतं. घाण्यातून आलेला रस काहिलीत पडतो. खाली चुलवाणात चिपाड जळत असतं. रसात चुना आणि भेंडीचा चीक घालून वर आलेली मळी झाऱ्याने काढतात. मग तासन्‌तास आटवणं. पाक दाटला की गुळव्या थोडासा पाण्यात टाकतो, बोटांनी गोळी वळून बघतो, आणि तिचा अंदाज आला की काहील उतरवायला सांगतो. मग वाफ्यात ओतायचं, घोटायचं, रवे भरायचे. टनभर उसातून शंभर-सव्वाशे किलोच्या आत गूळ हाती येतो. या सगळ्या खटाटोपात गेलं काय? चोथा, मळी आणि पाणी. राहिलं काय? उसातली साखर, आणि तिच्यासोबत थोडी खनिजं, थोडा रंग, थोडा वास.

चांगल्या गुळात ऐंशी टक्क्यांच्या आसपास सुक्रोज असतं, म्हणजे डब्यातली साखर असते तेच. त्यावर काही टक्के ग्लुकोज आणि फ्रुक्टोज. शंभर ग्रॅम गुळात साधारण ३८० कॅलरी, साखरेत ४००च्या आसपास. गुळात लोह आणि पोटॅशियम असतं हे खरं. पण त्याचा हिशेब लागावा इतका गूळ खाल्ला तर लोहाच्या आधी साखरेचा हिशेब करावा लागेल. रक्तातल्या ग्लुकोजला ढेप आणि साखरेचं पोतं यांतला फरक कळत नाही. साखर सोडून तेवढाच गूळ घेणाऱ्या मधुमेहीने काहीच सोडलेलं नाही, आणि ‘औषधच आहे’ म्हणून दोन खडे जास्त खाल्ले तर उलट भरच घातली.

हे गुळाविरुद्ध लिहिलेलं नाही, हे कोल्हापुरात राहून वेगळं सांगायला हवं. शाहूपुरीची गूळपेठ, जीआय मानांकन, तिळगुळापासून पुरणापर्यंत सगळं मान्य. शेंगदाण्याबरोबर गुळाचा खडा मलाही आवडतो. गूळ चवीला उत्तम आहे, हे त्याला विकायला पुरेसं कारण आहे. आणि कुणाला गुळाची काळजीच वाटत असेल तर त्याने पिवळाधमक रंग यावा म्हणून घालतात त्या हायड्रॉस पावडरीबद्दल एखादा मेसेज फिरवावा. फोटोतली ढेप बघून मला पहिली शंका तीच आली.

जाता जाता, ढेपेवर लिहिलेलं ते नावही अर्धंच बरोबर आहे. निव्वळ सॅकॅरम ऑफिसिनॅरम आपल्या शिवारात आता क्वचित दिसतो. कोइमतूरच्या ऊस पैदास केंद्रात, १९१२ साली ते सुरू झाल्यावर, या जाड, गोड उसाचा संकर नदीकाठच्या काशाशी, म्हणजे सॅकॅरम स्पाँटेनियमशी केला गेला. रानगवताचा काटकपणा उसात यावा म्हणून. आपले शेतकरी ज्याला नुसतं ‘८६०३२’ म्हणतात तो को ८६०३२ असो की गुळासाठी लावतात तो को ९२००५, सगळे त्या संकराच्या वंशातले. खरा ऑफिसिनॅरम म्हणजे आजोबांच्या वेळचा पुंड्या ऊस, सोलून चावायचा. कुठे मिळाला तर जरूर खा. मधुमेह असेल तर तोही डॉक्टरांना विचारून.