अवमान याचिकेला मुदत असते, आणि ती फक्त एका वर्षाची

माझी आत्या देवरुखची. एका सार्वजनिक संस्थेतून निवृत्त झाली, निवृत्तिवेतनाची थकबाकी मिळेना म्हणून उच्च न्यायालयात गेली. गेल्या वर्षी गणपतीच्या आधी आदेश झाला: बारा आठवड्यांत रक्कम द्या. नोव्हेंबरात मुदत संपली. आता श्रावण लागला तरी पैशांचा पत्ता नाही. परवा फोनवर विचारलं तर म्हणाली, "अरे, ग्रुपवर आलंय, घाई करायची नाही. कागद ट्रंकेत ठेवून दिलेत."

तो मेसेज मागवून वाचला आणि डोकं फिरलं. न्यायालयाचा आदेश न पाळणं म्हणजे न्यायालयाचा अवमान; अशा कार्यालयाविरुद्ध काय करावं, याचे त्यात पाच 'नियम' आहेत.

पहिलाच सर्वांत घातक. 'अवमानाला मुदत नसते. दर तीन महिन्यांनी स्मरणपत्र द्या, प्रत्येक पत्रापासून मुदत नव्याने मोजतात.' साफ खोटं. न्यायालय अवमान अधिनियम, १९७१ चं कलम २० वाचा. अवमान घडला त्या तारखेपासून एक वर्ष उलटलं की न्यायालयाला कार्यवाही सुरू करता येत नाही. २००१ मध्ये पल्लव शेठ प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की वर्षाच्या आत अर्ज दाखल झालेला असला की पुरे. पण दाखल व्हायला तर हवा! स्मरणपत्रांनी मुदत वाढत नाही. आत्याचं वर्ष नोव्हेंबरपासून चालू आहे. ती दोन वर्षं पत्रं टाकत बसली असती, तर संस्थेच्या वकिलाने पहिल्याच तारखेला कलम २० पुढे केलं असतं. 'आदेश रोज मोडला जातोय, म्हणून मुदत रोज नवी' असा युक्तिवाद होतो, पण त्याच्या भरवशावर म्हाताऱ्या माणसांना थांबायला सांगणं हा निव्वळ निर्दयपणा आहे.

पत्र देऊच नये असं नाही. आदेशाची सही-शिक्क्याची प्रत संस्थेत देऊन पोच घ्याच. कायद्याला जाणूनबुजून केलेला भंग दिसावा लागतो, आणि 'आदेश आमच्यापर्यंत आलाच नाही' ही ठरलेली पळवाट आहे.

'अपील केलं की आदेश थांबतो.' नाही. स्थगिती मिळाली तरच थांबतो. दिवाणी प्रक्रिया संहितेत, आदेश ४१ नियम ५ मध्ये, हे स्पष्ट लिहिलंय.

'न्यायाधीशांची बदनामी केली तरच अवमान.' तो फौजदारी अवमान. आदेश मोडणं हा दिवाणी अवमान, त्याच कायद्यात.

'मुंबईच्या खेपा परवडणार नाहीत.' ऑगस्ट २०२५ पासून रत्नागिरी-सिंधुदुर्गसाठी कोल्हापूरला उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच, म्हणजे मुंबईबाहेर बसणारं पीठ, आहे. ही बातमी ज्याला ठाऊक नाही त्याने कोकणातल्या लोकांना कायदा शिकवू नये.

राहिला पाचवा: 'दंड दोन हजार रुपये, सरकारी माणूस तुरुंगात जात नाही, मग उपयोग काय?' यातलं अर्धं मान्य करावं लागतं. कलम १२ खाली दंडाची कमाल खरंच २,००० रुपये आहे आणि कैदेची सहा महिने. मनापासून माफी मागितली तर शिक्षा माफही होते. पण तुरुंगात कुणी जात नाही? मे २००६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने आपल्याच महाराष्ट्राचे मंत्री स्वरूपसिंग नाईक आणि वन खात्याचे प्रधान सचिव अशोक खोत यांना एक महिन्याच्या साध्या कैदेची शिक्षा दिली. न्यायालयाचे आदेश असताना लाकूड कापणाऱ्या गिरण्यांना परवानग्या दिल्या, म्हणून. मंत्र्याला चुकली नाही ती कैद संस्थेच्या प्रमुखालाही आठवते. नाव घालून नोटीस आली की फाईल हलते, आणि आत्याला तेवढंच हवंय. तिला कुणाला तुरुंगात घालायचं नाही, तिला तिचे पैसे हवेत.

काल रात्री तिने ट्रंक उघडली. बारा आठवडे नेमके कोणत्या तारखेला संपले ते कॅलेंडरवर मोजून ठेवलंय. सोमवारी सकाळच्या एसटीने, साखरप्यावरून आंबा घाट चढून, आम्ही कोल्हापूरला निघतोय.