दुसऱ्या ‘चला’ला उठायचं

‘मुद्द्याचं बोला’ हा हल्ली मोठा गुण समजतात. मला ते अजिबात पटत नाही. ‘काय, झालं का जेवण?’ विचारणाऱ्याला तुमच्या ताटातली भाजी कुठली हे कुठे हवं असतं? तुमची दखल घेतली, एवढंच त्याला कळवायचं असतं. ‘झालं की, तुमचं?’ म्हणावं. ते ‘तुमचं?’ राहिलं की समोरचा अवघडतो. मानववंशशास्त्रज्ञ ब्रॉनिस्लाव मालिनोव्स्की यांनी १९२३ साली अशा नातं राखणाऱ्या बोलण्याला ‘फॅटिक कम्युनियन’ असं नावच दिलं.

आपल्याकडे यातलं सगळ्यात नाजूक काम निरोपाचं. पाहुणा ‘चला’ म्हणतो, ते पहिलं ‘चला’ फक्त चाचपण्यासाठी. यजमानाने ‘बसा हो, काय घाई आहे?’ म्हणायचं, पाहुण्याने आणखी पाचेक मिनिटं टेकायचं. दुसऱ्या ‘चला’ला खरंच उठायचं. मग दारात चपला घालताना ‘आता तुम्ही या आमच्याकडे’, आणि शेवटी ‘येतो’. ‘जातो’ निसटलं तर घरातलं वडीलधारं माणूस तिथल्या तिथे दुरुस्त करतं. पहिल्याच ‘चला’वर ‘बरं, या’ म्हटलं तर पाहुण्याला लागतं. दुसऱ्यानंतरही आग्रह ताणला तर त्याची बस चुकते.

हे शब्द पोकळ असते तर कुठेही चालले असते. मयताच्या घरी भेटायला गेलेला माणूस निघताना ‘येतो’ म्हणत नाही. घरचेही ‘या’ म्हणत नाहीत. असल्या कारणाने पुन्हा येणं नको, म्हणून. हात जोडायचे आणि मुकाट्याने उठायचं. एरवी सहज तोंडातून जाणारा शब्द तिथे ओठांवर आवरावा लागतो, तेव्हा त्याचं वजन कळतं.

मराठी माणूस आभार मानत नाही, ही तक्रारही मला चुकीची वाटते. घरात वाढणारीला ‘धन्यवाद’ म्हटलं तर तिला परकं वाटेल. ‘आमटी फक्कड झालीय, अजून एक पळी वाढ’ हेच आपले आभार.

फोनवर हीच रीत ‘ठेवू मग?’ या दोन शब्दांत टिकून आहे. ‘हो, ठेव’ ऐकू येईपर्यंत थांबायचं असतं. परदेशातल्या मुलाचं आईशी बोलणं पहिल्या ‘ठेवू’ला कधीच संपत नाही. त्यानंतरच ‘अरे, सांगायचं राहिलं’ निघतं, आणि चार दिवसांपासून गुडघा दुखतोय हे बहुतेक तिथेच कळतं. तेव्हा कितीही घाई असो, पहिल्या ‘ठेवू’ला लाल बटण दाबू नका.