आगगाडीच्या किश्शापलीकडची जॉइस वेदर्ड

इंग्लिश गोल्फपटू जॉइस वेदर्डवरच्या या लेखात इंग्लंडमधल्या शेरिंगहॅमच्या मैदानावरचा किस्सा आलाच आहे: 1920 च्या इंग्लिश महिला स्पर्धेच्या अंतिम सामन्यात ती पट (चेंडू हलकेच होलमध्ये ढकलायचा फटका) करताना आगगाडी धडधडत गेली आणि नंतर विचारलं तर म्हणाली, "कुठली गाडी?" किस्सा भारीच, पण सगळे तिथेच थांबतात. तेव्हा ती 18 वर्षांची होती, समोर सेसिल लीचसारखी नावाजलेली खेळाडू! तिथून ही स्पर्धा सलग पाच वर्षं तिचीच. ब्रिटिश महिला हौशी स्पर्धाही चारदा जिंकली.

मला 1929 जास्त आवडतं. खेळातून बाजूला झालेली बाई केवळ ब्रिटिश स्पर्धा सेंट अँड्र्यूजला, स्कॉटलंडमधल्या गोल्फच्या पंढरीत, आहे म्हणून परत येते, अमेरिकेच्या ग्लेना कॉलेटविरुद्ध सकाळी पाच होलांनी मागे पडते आणि तरी जिंकते.

अमेरिकेचा महान गोल्फपटू बॉबी जोन्स तर म्हणायचा की पुरुष धरूनही इतका चांगला खेळाडू पाहिला नाही. (भाऊ रॉजरही कमी नव्हता, 1921 ची ब्रिटिश ओपन स्पर्धा बरोबरीनंतरच्या प्लेऑफमध्ये हुकली.)

लेखात 1935 चा अमेरिका दौरा मात्र राहिलाय. तो तिने पैसे घेऊन केला, हौशीपण सोडून. त्यावर लिहाच.