चार बाण आणि एक बोका

१९८० साली मी टंकलेखनाच्या दोन्ही परीक्षा, मराठी ३० शब्दांची आणि इंग्रजी ४० शब्दांची, पहिल्याच फटक्यात पास झाले. पुढे चौतीस वर्षं एका सरकारी कचेरीत बसून मी अर्ध्या जिल्ह्याच्या नोटिसा बडवल्या. हे आधीच सांगून ठेवते. पुढचं वाचून या बाईला मुळात बोटं आहेत की नाहीत, अशी शंका यायची शक्यता आहे.

माझा भाचा हिंजवडीला नोकरी करतो. दिवसा तो लोकांचं सॉफ्टवेअर लिहितो आणि रात्री स्वतःचा गेम बनवतो. गेम जुन्या पद्धतीचा, म्हणजे १९८५च्या सुपर मारिओच्या वळणाचा. चित्रं मुद्दाम ठोकळ्या-ठोकळ्यांची, संगीत मुद्दाम पिपाणीसारखं. हल्ली चांगलं काढता येत असताना वाईट काढायला जास्त मेहनत लागते म्हणे. एका रविवारी तो लॅपटॉप घेऊन आला आणि म्हणाला, "मावशी, मला टेस्टर हवीय. जिने जन्मात कधी गेम खेळलेला नाही, जिला काही म्हणजे काही येत नाही, अशी."

"मग लगेच मीच आठवले?"

"तूच," तो निरागसपणे म्हणाला आणि वर पोह्यांवर खोबरं मागितलं.

गेमचा नायक एक बोका आहे. सोळा बाय सोळा ठिपक्यांचा, त्यामुळे शेपूट आणि मिशी यांत फरक करता येत नाही. तो पेठेतल्या वाड्यांच्या कौलांवरून पळतो, दारांना अडकवलेल्या दुधाच्या पिशव्या पळवतो आणि मधे बोळ आला की उडी मारतो. त्याला नऊ जीव आहेत. नऊच का, तर इंग्रजी मांजराला नऊ असतात. सदाशिव पेठेतल्या बोक्याला इंग्रजी हिशेब कशाला, असं मी विचारलं, पण ते सूचनेच्या रकान्यात गेलं. पुणेरी पाट्या टाकू का, असंही त्याने विचारलं होतं. ते मात्र मी तिथल्या तिथे हाणून पाडलं. पुण्यात आता पाट्यांपेक्षा पाट्यांवरचे विनोद जास्त झालेत.

"सोपंय. बाणाने चालायचं, स्पेसबारने उडी."

मी सवयीने ताठ बसले, मनगटं उचलली, बोटं एएसडीएफ आणि जेकेएलवर ठेवली. भाच्याने माझा उजवा हात धरून कोपऱ्यातल्या चार बाणांवर नेऊन ठेवला. त्या कोपऱ्यात चौतीस वर्षांत माझं कधी काही काम पडलं नव्हतं. टाइपरायटरवर तिथे टेबल होतं.

पहिला बोळ आला. मी स्पेसबार मारला. बोक्याने उचकी लागल्यासारखं टुणकन केलं आणि तो सरळ बोळात गेला. परत मारला. परत उचकी, परत बोळ. नऊ जीव संपायला दोन मिनिटंसुद्धा लागली नाहीत.

"मावशी, कळ दाबून ठेव. जितका वेळ दाबशील तितकी उंच उडी. सोडलीस की त्याचं वर जाणं थांबतं."

इथे माझं सगळं शिक्षण आडवं आलं. नारायण पेठेत ज्या क्लासला मी जायचे, तिथले सर पट्टी घेऊन मागे उभे असत. त्यांचा एकच मंत्र: कळ म्हणजे तापलेला तवा. बोट टेकलं की उचललंच पाहिजे. आणि ते खरंच होतं. जुन्या यंत्रात प्रत्येक अक्षराची एक लोखंडी काडी असायची. कळ दाबून ठेवली तर काडी कागदापाशी उभीच राहायची, आणि तेवढ्यात दुसरी कळ मारली की दोन काड्या एकमेकींच्या गळ्यात पडायच्या. मग त्या हाताने सोडवायच्या. बोटं काळी, कागद काळा आणि सरांचा चेहराही. चार कार्बन लावलेले असले तर पाच ठिकाणी खोडायचं.

थोडक्यात, माझ्या बोटांना आयुष्यभर दोन गोष्टींची दहशत बसवलेली आहे. कळ दाबून ठेवायची नाही आणि दोन कळा एकदम दाबायच्या नाहीत. भाच्याच्या गेममध्ये याशिवाय तिसरं काही करायचंच नसतं.

त्यातून मी जोर लावायचे. टाइपरायटरवर जोरात मारलं की अक्षर ठसठशीत उमटतं. फारच जोर झाला तर पूर्णविरामाच्या जागी भोक पडतं, पण निदान मेहनतीची काही नोंद राहते. इथे मी स्पेसबारवर असा ठोसा मारला की चहाचा कप बशीत नाचला, आणि बोका तेवढाच उडाला. कीबोर्डला जोर कळत नाही, फक्त वेळ कळतो. शिवाय प्रत्येक उडीला मी स्वतःही खुर्चीतून वीतभर उठत होते. हे शब्दकोडं सोडवत होते. वर न बघता म्हणाले, "तू उडू नकोस. बोक्याला उडू दे."

आठवडाभराने उडी जमली. मग भाच्याने फोनवर सांगितलं, की दुसऱ्या बोळासाठी पळत येऊन उडी मारावी लागते आणि पळायला शिफ्ट लागते. म्हणजे डावी करंगळी शिफ्टवर, डावा अंगठा स्पेसबारवर आणि उजवं बोट बाणावर. हार्मोनियमवाल्यांना यात काही वाटणार नाही. मी शिफ्टही तव्यासारखीच मारत होते, टक टक टक टक टक. पाचव्या टकला पडद्यावर एक चौकट उघडली: स्टिकी कीज चालू करायच्या का? भाचा म्हणाला, ज्यांना दोन कळा एकदम दाबता येत नाहीत त्यांच्यासाठी ती सोय असते, शिफ्ट लागोपाठ पाच वेळा दाबली की आपोआप विचारतात. डॉक्टरांनी तपासण्या लिहून देण्याआधीच कंप्यूटरने माझं निदान केलं होतं.

याच काळात खालच्या मजल्यावरच्या वहिनी वर आल्या. दारात उभ्या राहून हलक्या आवाजात म्हणाल्या, "अहो, कोण गेलं?"

"कुठे कोण?"

"तीन दिवस ऐकतेय. दुपारी तुमचा आवाज येतो, मेला, मेला. मला वाटलं गावाकडचं कोणी... पण मग 'परत मेला' म्हणजे काय, ते कळेना."

मी त्यांना बोका दाखवला. त्यांनी चष्मा लावून बराच वेळ निरखला आणि विचारलं, "हा बोका कशावरून?" ते मी भाच्याला कळवलं नाही. पोराचं मन आहे.

पुढचं संकट मात्र माझं नव्हतं, हे मी ठासून सांगते. शिडीवरून वर चढता चढता उजवीकडे पळून उडी मारायची होती, आणि बोका उडायचाच नाही. करंगळी, अंगठा, बोटं सगळी जागच्या जागी. भाचा येऊन बघतो तर त्यालाही उडवता येईना. मला इतका आनंद मी रिटायर झाले तेव्हासुद्धा झाला नव्हता.

दोष कीबोर्डचा होता. स्वस्तातल्या कीबोर्डमध्ये प्रत्येक कळीला वेगळी तार नसते. आडव्या आणि उभ्या तारांची जाळी असते आणि कळ दाबली की एक आडवी तार एका उभीला चिकटते. दोन कळांपर्यंत हिशेब लागतो. पण तीन कळा चौकोनाच्या तीन कोपऱ्यांवर आल्या, की चौथ्या कोपऱ्यातली कळही दाबल्यासारखी दिसते. भलतंच अक्षर उमटू नये म्हणून कीबोर्ड मग तिसऱ्या कळीकडे सरळ काणाडोळा करतो. टायपिंग करताना हे कधी लक्षातच येत नाही, कारण शहाणी माणसं तीन कळा एकदम दाबतच नाहीत.

मी तापकीर गल्लीत गेले. दुकानदाराला म्हटलं, चार-पाच कळा एकदम दाबल्या तरी सगळ्या मोजणारा कीबोर्ड दाखवा.

"गेमिंगचा? नातवाला हवाय का?"

"नाही, मला."

त्याने माझ्याकडे पाहिलं, माझ्या भाजीच्या पिशवीकडे पाहिलं आणि म्हणाला, "मग आजी, साधा घ्या की." मी हट्टाने गेमिंगचाच घेतला. त्याला खालून सात रंगांचे दिवे लागतात. रात्री घरात गणपती बसल्यासारखं वाटतं.

भाच्याशी माझं खरं जुळलं ते हिशेबाच्या बाबतीत. गेम सेकंदाला ६० चित्रं दाखवतो. बोका कौलाच्या कडेवरून पुढे गेला, पायाखाली काही नाही, तरी सहा चित्रांपुरती, म्हणजे सेकंदाच्या दहाव्या हिश्शापुरती, उडी मारायची मुभा असते. याला कायोटी टाइम म्हणतात. रोडरनरच्या कार्टूनमधला तो कोल्ह्यासारखा प्राणी कड्याच्या पुढे हवेत धावत जातो आणि खाली बघितल्यावरच पडतो, त्याच्यावरून हे नाव पडलं. खेळणाऱ्याला वाटतं आपण अगदी वेळेवर दाबलं. प्रत्यक्षात उशीर झालेला असतो आणि गेमने डोळेझाक केलेली असते.

"म्हणजे मस्टरची सवलत," मी म्हटलं. आमच्याकडे दहा मिनिटांपर्यंत सही करू द्यायचे. त्यानंतर लेट मार्क, आणि तीन लेट मार्कांना एक सीएल कापायचे.

"अगदी तेच! आणि जंप बफर म्हणजे त्याच्या उलट. बोका जमिनीला टेकायच्या जरा आधीच तू उडी दाबलीस, तर गेम ती लक्षात ठेवतो आणि टेकल्या टेकल्या उडवतो."

म्हणजे आवक ट्रे. साहेब यायच्या आधीच अर्ज येऊन पडलेला असतो, साहेब खुर्चीत टेकले की सही. बोक्याच्या पोटात एक अख्खी कचेरी दडलेली आहे हे कळल्यावर मला तो एकदम घरचा वाटायला लागला. मी हिशेबही करून पाहिला. ४० शब्दांच्या परीक्षेत मिनिटाला दोनशे ठोके पडायचे, म्हणजे एका ठोक्याला सेकंदाचे तीन दशांश मिळायचे. बोक्याची सवलत त्याच्या तिसऱ्या हिश्शाएवढी. आमचे सर एवढे कडक होते, पण तेही इतके कंजूष नव्हते.

तिसऱ्या पडद्यावर बस आली. जुनी पीएमटी. तिच्या टपावर बोक्याने उडी मारायची, टपावर लोंबणाऱ्या पताकांना चुकवत जागच्या जागी उड्या घ्यायच्या आणि पुढच्या वाड्यावर उतरायचं. मी टपावर पोहोचले, हात सुटे ठेवले आणि फक्त स्पेसबार दाबला. बोका सरळ वर गेला, खालून बस पुढे निघून गेली आणि बोका मागच्या रस्त्यावर पडला.

हे सहा वेळा झालं. सातव्यांदा मी कीबोर्ड बाजूला ठेवला. कारण बसचं मला कोणी शिकवायचं नाही. ऐन तारुण्यात मी डेक्कनवर चालती पीएमटी साडी नेसून पकडलेली आहे. चालत्या बसमधून उतरताना बस जाते त्याच दिशेला चार पावलं पळत उतरायचं, नाहीतर तोंडावर आपटतो. आणि खड्ड्यातून बस उडाली की आपण सीटवरून वीतभर वर जातो, पण परत त्याच सीटवर येतो, मागच्या माणसाच्या मांडीत जात नाही. बसचा वेग आपल्या अंगात असतोच. भाच्याच्या बोक्याच्या अंगात तो नव्हता.

मी रीतसर अहवाल टंकलिखित करून पाठवला.

"विषय : बोका या खेळाच्या चाचणीबाबत. महोदय, उपरोक्त विषयास अनुसरून कळविण्यात येते की, बोका बसवर असताना त्यास बसचा वेग प्राप्त होत नाही. सबब उडी मारल्यावर तो मागे राहतो. ही बाब निसर्गनियमांस व पीएमटीच्या अनुभवास धरून नाही. तरी आवश्यक ती दुरुस्ती करून या कार्यालयास अवगत करावे."

रात्री साडेअकराला फोन आला. "मावशी, उडताना बसचा वेग मिळवायचाच विसरलो होतो! ऑफिसमधल्या चार जणांनी खेळून पाहिलं, कोणी बोललं नाही."

"ते कॅबने जातात," मी म्हटलं.

रविवारी नवी आवृत्ती आली. बस झकास चालली. पताका चुकल्या, पुढचा वाडा आला, दुधाच्या तीन पिशव्या मिळाल्या. पहिला बोळ तर मी ह्यांच्याशी बोलता बोलता ओलांडत होते. माझंच मला इतकं कौतुक वाटायला लागलं की संशय आला.

"सवलत किती ठेवलीयस?"

भाचा खिडकीबाहेर बघायला लागला. "थोडी वाढवली. सहाची पंधरा चित्रं. लोकांना सोपं जावं म्हणून."

"कुठल्या लोकांना?"

तो काही बोलला नाही. खोबरंसुद्धा मागितलं नाही.

चौतीस वर्षांत माझा एकही लेट मार्क नाही. मी त्याला तिथेच बसवून आकडा परत सहा करायला लावला, आणि तो गेल्यावर लगेच खेळायला बसले.

त्याला आज पाच दिवस झाले. मी पहिल्या बोळात आहे. खालच्या वहिनी आता वर येत नाहीत. फक्त जिन्यात भेटल्या की विचारतात, "आज किती?"