सरपंच करून दाखवा एकदा

आज पार्क चौकात चहा घेताना शेजारचा एकजण मोबाईलवर पिक्चरचा तुकडा बघत म्हणाला, "ह्यो कायम सरपंचच असतोय बे, ह्याला दुसरं काय येतंय?" डोकं फिरलं. म्हणून लिहितोय.

त्या पिक्चरमधले सरपंच काका आपल्या सोलापूरचेच. नाव टाकत नाही, त्यांना आवडायचं नाही.

कमी बजेटच्या विनोदी पिक्चरमध्ये सरपंच, सासरा, हवालदार यांचे सगळे सीन दोन दिवसांत उरकतात. शेवट आधी, एन्ट्री नंतर. उपरणं कुठल्या खांद्यावर होतं हे बघायला वेगळा माणूस नसतो. काका प्रत्येक सीननंतर स्वतःचाच फोटो काढून ठेवतात. धोतर-कोट घरचा.

दिवसभर हिरोचे शॉट. उन्हं कलली की, "काका, तुमचा क्लोज-अप घेऊन टाकू." तोवर हिरो गेलेला. त्याचे डायलॉग असिस्टंट वाचतो, किराण्याची यादी वाचावी तसे. काकांची नजर हिरोच्या जागी स्टँडला चिकटवलेल्या टेपच्या तुकड्यावर. असिस्टंटचं वाक्य संपायच्या आत काकांनी तोंड उघडलं तर दोन आवाज एकमेकांवर चढतात, एडिटरला कट मारायला जागा उरत नाही. उशिरा उघडलं की विनोदाचा पंच मेला. करा बरं!

आणि कायम सरपंचच का? आपलं एप्रिल-मेचं ऊन माहितीय, चाळीसच्या वर. घामानं मिशीचा गोंद ओठाच्या कोपऱ्यातून सुटतो, मग माणूस नकळत ओठ आवळून बोलतो आणि शब्द खातो. म्हणून काकांनी मिशी खरीच वाढवली. आता त्या मिशीला सरपंच मिळतो, हवालदार मिळतो, मास्तर कुणी देत नाही.

बरं, चार पिक्चरमध्ये तेच डोळे वटारणारेही आहेत. असतील. पण बार्शी तालुक्यातले जयराम कुलकर्णी आठवा. महेश कोठारेंच्या पिक्चरमध्ये कितीदा पोलीस अधिकारी झाले! कंटाळलात कधी?

पैशाचं तर बोलूच नका. "पिक्चर लागला की देतो." लागतो कुठं? शूटिंग संपल्यावर निर्मात्याला यांची गरज एकदाच पडते, डबिंगला, म्हणजे स्टुडिओत आवाज द्यायला. राहिलेले पैसे हातात पडल्याशिवाय माईकसमोर उभंच राहायचं नाही. आणि डबिंगचे पैसे वेगळे, हे होकार देतानाच व्हॉट्सॲपवर लिहून घ्यायचं.

काकांना हे दहादा सांगून झालं. "पोरगं नवीन आहे रे, पहिला पिक्चर त्याचा," म्हणतात आणि पुण्याला जाऊन डबिंग करून येतात. स्वतःच्या तिकिटानं.