उकळत्या पाण्यात घातलेले बी रुजत नाही: ‘रेड हॉट पोकर’विषयीच्या एका संदेशाचा प्रतिवाद

गेल्या आठवड्यात स्कॉटलंडमधील ॲबर्डीनहून धाकट्या बहिणीचा फोन आला. “ताई, बियांवर उकळते पाणी ओतून रात्रभर ठेवले होते. सकाळी सगळ्या बुळबुळीत झाल्या आहेत. आता पेरू का?” या बिया रेड हॉट पोकरच्या, म्हणजे शास्त्रीय नावाने निफोफियाच्या. निखाऱ्यांत तापवलेल्या सळईसारखा वर लाल आणि खाली पिवळा तुरा येणारे हे झाड. शेजारच्या आजींच्या बागेतील वाळलेल्या दांड्यांवरून तिने शरद ऋतूत त्या एकेक करून गोळा केल्या होत्या. उकळत्या पाण्याचा सल्ला तिला ब्रिटनमधील मराठी कुटुंबांत फिरणाऱ्या एका व्हॉट्सॲप संदेशातून मिळाला. तो मलाही तीन जणांनी पाठवला आहे. त्यातील दावे असे: हे झाड उष्ण आफ्रिकेतील असल्याने थंड प्रदेशात बियांपासून सहसा येत नाही, बी कठीण असल्याने त्यावर उकळते पाणी ओतावे, मग पंधरा दिवस फ्रीझरमध्ये ठेवावे, झाड कोरफडीच्या कुळातील असल्याने पाणी देऊ नये, त्याच वर्षी आईसारखीच फुले येतात, आणि हिवाळ्याआधी पाने मुळापर्यंत कापून वर प्लास्टिक बांधावे.

आफ्रिका म्हणजे उष्ण प्रदेश, ही समजूत आता तरी सोडून द्यावी. निफोफियाच्या सुमारे 70 प्रजातींपैकी बहुसंख्य आफ्रिका खंडाच्या दक्षिण भागातील आहेत, आणि विषुववृत्तावरील केनियातही हे झाड उंच डोंगरांवरच आढळते. निळसर पानांची ‘कॉलेसेन्स’ ही प्रजाती दक्षिण आफ्रिकेतील ड्रॅकन्सबर्ग आणि शेजारच्या लेसोथो देशाच्या पर्वतांत 3000 मीटरच्या आसपास वाढते. त्या पर्वतांत हिवाळ्यात बर्फ पडते, आणि लेसोथोत तर त्या बर्फावर स्कीइंग चालते. तिथले बी स्कॉटलंडच्या गारठ्याला घाबरेल, असे मानण्याचे काहीच कारण नाही.

उकळत्या पाण्याच्या सल्ल्याने मात्र प्रत्यक्ष नुकसान झाले आहे, म्हणून त्यावर सविस्तर लिहिणे भाग आहे. गरम पाण्याची युक्ती मुळात वाटाण्याच्या कुळातील, विशेषतः बाभळीच्या जातींतील, काही टणक बियांसाठी आहे. त्यांच्या टरफलातून पाणी आत शिरत नाही, म्हणून उष्णतेने ते टरफल सैल करावे लागते. निफोफियाचे बी तसे नसतेच. तीन कप्प्यांच्या बोंडातून निघणारे ते लहान, काळपट, कोनदार बी साध्या ओल्या मातीतूनही पाणी शोषून घेते. त्याच्या आतला गर्भ हा जिवंत पेशींचा असतो, आणि त्या पेशी उकळत्या पाण्यात मरतात. आपल्यापैकी प्रत्येकाच्या घरी मटकीला मोड आणले जातात. त्यासाठी पाणी साधे किंवा फार तर कोमट घेतात, कारण शिजलेल्या मटकीला मोड येत नाहीत हे लहान मुलालाही ठाऊक असते. मग स्वयंपाकघरातले हे ज्ञान बागेत जाताना दाराशीच का ठेवायचे? बहिणीला मला सांगावे लागले की त्या बिया आता पेरून उपयोग नाही. पाकिटातील निम्म्या बिया तिने मागे ठेवल्या होत्या, एवढेच समाधान.

थंडी देण्याच्या मुद्द्यात अर्धे सत्य आहे, हे मान्य करावे लागते. डोंगराळ प्रजातींचे बी ओलसर कंपोस्टमध्ये चार ते सहा आठवडे फ्रिजमध्ये ठेवले, तर पुष्कळदा अधिक एकसारखे उगवते. पण ती जागा साध्या फ्रिजची, चार-पाच अंशांची, फ्रीझरची नव्हे. पाणी शोषलेले बी गोठवले तर ते मरू शकते. आणि ही थंडी अनिवार्यही नाही. रॉयल हॉर्टिकल्चरल सोसायटी या ब्रिटनमधील बागकामाच्या संस्थेचा सल्ला अगदी साधा आहे: वसंत ऋतूत कुंडीत पेरून कुंडी कोल्ड फ्रेममध्ये, म्हणजे काचेच्या झाकणाच्या न तापवलेल्या पेटीत ठेवावी. घरात खिडकीशी 18 ते 24 अंश तापमान मिळाले, तर साधारण तीन-चार आठवड्यांत कोंब दिसतात. ते कांद्याच्या रोपासारखे बारीक असतात, त्यामुळे गवत समजून उपटले जाण्याची भीती असते. काही बिया मागाहून सवडीने उगवतात, म्हणून कुंडी लवकर रिकामी करू नये.

कोरफडीशी नाते खरे आहे, पण त्यावरून काढलेला निष्कर्ष चुकीचा आहे. निफोफियाच्या अनेक प्रजाती ओलसर कुरणांत आणि ओढ्यांच्या काठी वाढतात. उन्हाळ्यात त्यांना पाणी हवेच. त्याच वर्षी फुले येण्याचे म्हणाल, तर ‘फ्लेमेन्को’सारखे बियांपासून वाढवण्यासाठीच तयार केलेले वाण लवकर पेरल्यास कधीकधी फुलतात. बाकीच्यांसाठी दुसऱ्या किंवा तिसऱ्या वर्षापर्यंत थांबावे लागते. आईसारखी फुले तर गृहीत धरूच नयेत: ही झाडे आपापसांत सहज संकर करतात, आणि नाव असलेला वाण जसाच्या तसा हवा असेल तर गड्डा विभागूनच लावावा लागतो.

पाने कापून प्लास्टिक बांधण्याचा सल्ला जुन्या, चांगल्या वाढलेल्या झाडालाही मारू शकतो. ब्रिटनच्या हिवाळ्यात या झाडाचा खरा शत्रू नुसती थंडी नसून थंडीत साचणारे पाणी आहे. कापलेल्या पानांच्या मधोमध पाणी उतरते, गोठते आणि गड्डा कुजतो; वर प्लास्टिक असेल तर आतला दमटपणा बाहेर पडत नाही. पाने तशीच ठेवून वर गोळा करावीत आणि गड्ड्यावर सैलसर बांधावीत; कापणी वसंत ऋतूत. चिकणमातीच्या बागेत लावण्यापूर्वी मातीत भरपूर खडी मिसळावी. पहिल्या हिवाळ्यात लहान रोपे कुंडीतच, छपराखाली ठेवावीत.

बहिणीच्या उरलेल्या बिया आता ओलसर कंपोस्टसह एका डबीत, फ्रिजच्या खालच्या कप्प्यात आहेत. मार्चअखेर ती त्या स्वयंपाकघराच्या दक्षिणेकडील खिडकीत पेरील, आणि डबीवर तिने ठळक अक्षरांत लिहिले आहे: ‘गरम पाणी घालू नये.’